सामनेवाला क्रमांक एक

दाव्याच्या अर्जात माझं नाव असं आलंय:
सामनेवाला क्रमांक एक.
टाइप करणाऱ्याला काय ठाऊक, मी खरंच समोर राहतो,
भूदेवीअक्काच्या दारासमोर. मध्ये नऊ फुटांचा बोळ.
तिच्या सुपातली तंबाखू वाऱ्यानं माझ्या ओट्यावर येते.

सामनेवाला क्रमांक दोन म्हणजे विमा कंपनी.
तिला ओटा नाही.
वकील मात्र सभ्य आहे, मलाही पाणी विचारतो.

तारखेला आम्ही एकाच रिक्षातून जातो,
अर्जदार आणि मी.
भाडं एकदा ती देते, एकदा मी.
बाकावर बसलो की ती डबा उघडते,
कडक भाकरी, शेंगाचटणी, निम्मी मला.
पुकारा होईपर्यंत आम्ही एका बाजूचे असतो.

राजेशम टॉवेलच्या कारखान्यात जॉबर होता.
माग बिघडला की आवाजावरून सांगायचा
कुठला दात झिजलाय.
नळदुर्गला बारसं होतं, त्याच्याकडचंच,
मी रिकामाच होतो, व्हॅन काढली.
बोरामणीच्या अलीकडे तो बोलता बोलता थांबला,
कान दिला,
आणि मग टायर फुटला.

"मयतानं भाडं दिलं होतं का?"
मी म्हटलं, मुळेगावच्या पंपावर दोनशे काढले त्यानं,
मी नको नको म्हणत होतो.
वकिलानं पेन उचललं:
म्हणजे खाजगी गाडी भाड्यानं चालवली. अटीचा भंग.
माझा वकील घाईनं उठला:
भाडं नव्हे साहेब, शेजारधर्म.
बरं. मग फुकट बसलेला इसम.
त्याची जोखीम या पॉलिसीत धरलेली नाही.

त्रयस्थ कोण, यावर पुढचा अर्धा तास गेला.
रस्त्यानं चालणारा कुणी याच व्हॅनखाली आला असता
तर तो त्रयस्थ. त्याच्या घरच्यांना मिळालं असतं.
आत बसलेला त्रयस्थ नाही.
भूदेवीअक्कानं माझी बाही ओढली, हळूच विचारलं,
"म्हणजे उतरून चालला असता तर चाललं असतं का?"
मला उत्तर आलं नाही.
पंख्याचा आवाज येत होता. त्यालाही काहीतरी झालं होतं,
राजेशमनं सांगितलं असतं काय ते.

एजंट दुकानात आला होता त्या वर्षी.
"फुल करू का मालक, का नुसतं थर्ड पार्टी?"
गाडी जुनी. अठराशे चाळीस रुपये वाचत होते.
त्या पैशाचं मी काय केलं, हे रात्री आठवायला बसतो.
वस्तू आणली असती तर फोडली तरी असती.
काहीच आणलं नव्हतं. ते नुसते वाचले होते.

निकाल तीन पानांचा.
कंपनी जबाबदारीतून मुक्त.
रक्कम सामनेवाला एक यानं द्यावी,
अर्जाच्या तारखेपासून व्याजासह.
व्हॅन भंगारात गेली, दुकानाचं अर्धं शटर भाड्यानं दिलं,
आणि दर महिन्याला मी पाकीट घेऊन
नऊ फूट ओलांडतो.
ती विड्या वळता वळता हात पुसते,
नोटा कट्ट्यासारख्या अंगठ्यानं सरकवते,
तेलुगूत मोजते.
चहा ठेवते. मी कधी पितो, कधी नाही.

कोर्टात एक प्रश्न कुणी विचारला नाही.
लायसन्स विचारलं, वेग विचारला,
मयताचं उत्पन्न, वय, खाणारी तोंडं.
राजेशम मागे बसत होता, आहेराच्या टॉवेलांपाशी.
मीच म्हटलं, पुढं ये की बे, बोलत जाऊ.

या महिन्यात पाकीट देताना सांगून टाकलं.
तिचा अंगठा थांबला नाही.
"ठाऊक हाय," म्हणाली, "मी दारातच होते की.
समोरच तर ऱ्हाते."

मग एक नोट बाजूला काढून माझ्याकडे सरकवली.
फाटकी होती.
बदलून आण म्हणाली, पण घाई नाही,
दहा तारखेपर्यंत चालेल.